भागिले सव्वीस

अण्णा आले तेव्हा दिवेलागण झाली होती. हातात चार घड्या घातलेला कागद. ओट्यावर बसले, पाणी प्याले आणि कागद माझ्यापुढे सरकवला. "उद्या सहीला बोलावलंय. बघा की जरा, बराबर हाय का?"

ही दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. गळीत हंगाम संपून कारखान्याचा भोंगा बंद झाला होता आणि अण्णांची साठी भरली होती. आमचं मंद्रूप सीना आणि भीमा या दोन नद्यांच्या मधे, सोलापूर-विजापूर रस्त्यावर. एके काळी इथं ज्वारीशिवाय दुसरं पीक फारसं नव्हतं. ऊस आला तसे आसपास कारखाने उभे राहिले. कुमठ्याला सिद्धेश्वर, भंडारकवठ्याला लोकमंगल, धोत्रीला गोकुळ. घरटी एक माणूस कुठल्या ना कुठल्या कारखान्यात लागला. अण्णा दुसऱ्या तालुक्यातल्या कारखान्यात होते. त्याचं नाव इथं लिहीत नाही, कारण जी चूक मी सांगणार आहे ती एकाच ठिकाणची नाही.

कागदावर शीर्षक होतं ‘अंतिम हिशेब’. खाली एक ओळ, ‘यापुढे माझे कोणतेही येणे बाकी नाही’. त्याच ओळीखाली सही करायची होती. ग्रॅच्युइटीची रक्कम ३,१३,७३३ रुपये. अण्णांनी एवढी रक्कम एकगठ्ठा कधी पाहिली नव्हती, त्यामुळे ती कमी आहे का, असा प्रश्न त्यांना पडलाच नव्हता. त्यांना विचारायचं होतं ते एवढंच, की हा चेक खात्यावर जमा व्हायला किती दिवस लागतात.

मी कागद उलटा केला, पेन्सिल घेतली आणि पहिला प्रश्न विचारला, "मूळ पगार आणि महागाई मिळून शेवटचा आकडा किती?" अण्णांनी पगाराची स्लिप काढली. २६,००० रुपये. घरभाडं, धुलाई भत्ता, जादा कामाचे पैसे यांत धरायचे नसतात. ग्रॅच्युइटी फक्त मूळ पगार आणि महागाई भत्ता यांच्यावर निघते, आणि तीही शेवटच्या पगारावर. ही कामगाराच्या फायद्याची गोष्ट आहे. तीस वर्षांपूर्वी पगार हजार-बाराशे असला, तरी त्या वर्षाचीही ग्रॅच्युइटी आजच्या पगाराच्या दरानं मिळते.

मग एका दिवसाचा पगार. कागदावर तो ८६६ रुपये ६७ पैसे होता, म्हणजे २६,००० भागिले ३०. इथं पहिली चूक निघाली. महिन्याला चार रविवार सुट्टीचे. उरलेल्या सव्वीस दिवसांच्या कामाचा तो पगार, म्हणून एका दिवसाची मजुरी काढताना भागायचं ते सव्वीसानं. अण्णांचा एक दिवस झाला बरोबर १,००० रुपयांचा.

सव्वीसाचा हा आकडा सहजी मिळालेला नाही. ‘पंधरा दिवसांचा पगार म्हणजे अर्ध्या महिन्याचा पगार’ असं मालकांचं म्हणणं असे. दिग्विजय वूलन मिल्सच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं १९८० मध्ये कामगारांची बाजू उचलून धरली आणि सव्वीसानं भागणं योग्य ठरवलं. पुढं १९८७ च्या दुरुस्तीनं ते कायद्यातच लिहिलं गेलं: मासिक पगार भागिले सव्वीस, गुणिले पंधरा. तीस आणि सव्वीस यांतला फरक कागदावर किरकोळ दिसतो. २६,००० च्या पगारावर दर वर्षामागे तो २,००० रुपये होतो. वीस वर्षांची नोकरी असेल तर ४०,०००. आमच्या भागात एवढ्यात एक चांगली दुभती गाय दावणीला येते.

दुसरा प्रश्न वर्षांचा. अण्णांची नोकरी दोन तुकड्यांत होती. आधी हंगामी, नंतर कायम. साखर कारखान्याचं हे खास वैशिष्ट्य. बॉयलर पेटला की हंगामी माणूस हजर होतो, गाळप संपलं की घरी बसतो. कायम कामगाराला दर वर्षामागे पंधरा दिवसांचा पगार ग्रॅच्युइटी म्हणून मिळतो. जो हंगामापुरताच कामावर असतो, त्याला कायदा दर हंगामामागे सात दिवसांचा पगार देतो. अखंड सेवेची मोजणीही दोघांची वेगळी. एरवी वर्षात २४० दिवस भरावे लागतात, हंगामी आस्थापनेत मात्र ती जितके दिवस चालली त्यातले पाऊण हिस्सा दिवस काम झालं की पुरे. एखाद्या वर्षी पाऊस कमी झाला, ऊस कमी पडला आणि गाळप लवकर बंद झालं, तरी त्या हंगामाची ग्रॅच्युइटी बुडत नाही. आमच्यासारख्या अवर्षणप्रवण भागात ही तरतूद फार मोलाची आहे आणि फार थोड्या लोकांना ठाऊक आहे.

कागदावर अण्णांचे हंगाम अकरा आणि कायम वर्षं एकोणीस लिहिली होती. कायम झाल्याचं पत्र त्यांच्याकडं होतं. तारखा मोजल्या तर एकोणीस वर्षं आणि आठ महिने. सहा महिन्यांच्या वर गेलेला तुकडा पूर्ण वर्ष धरायचा, हा नियम आहे. म्हणजे वीस. ही दुसरी चूक.

पेन्सिलीनं मांडलं ते असं. अकरा हंगाम गुणिले सात, ७७ दिवस, ७७,००० रुपये. वीस वर्षं गुणिले पंधरा, ३०० दिवस, ३,००,००० रुपये. एकूण ३,७७,०००. कारखान्याच्या कागदापेक्षा ६३,२६७ रुपये जास्त.

अण्णा बराच वेळ त्या आकड्याकडं बघत बसले. मग हळूच म्हणाले, "हंगाम अकरा न्हाईत. तेरा हैत."

त्यावर पुढं येतो. आधी हा पैसा नेमका कसला, ते सांगितलं पाहिजे, कारण आमच्याकडं अजून पुष्कळ लोक ‘साहेबांनी ग्रॅच्युइटी दिली’ असं बोलतात, जणू ते बक्षीस आहे. या शब्दाचा मूळ अर्थ खरोखर तोच, खूश होऊन दिलेली रक्कम. स्वातंत्र्याच्या आसपास ती मालकाच्या मर्जीवरच होती. कामगार न्यायालयांत भांडू लागले तसा तिचा अर्थ बदलत गेला. यातला एक महत्त्वाचा निकाल सोलापूरच्या एका सुपुत्राच्या कंपनीचा आहे. वालचंद हिराचंद यांचा जन्म १८८२ चा, सोलापूरचा. त्यांच्या उद्योगसमूहातल्या इंडियन ह्यूम पाइप कंपनीचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. कपात झालेल्या कामगाराला कपातीची भरपाई मिळाली, मग वर ग्रॅच्युइटी कशाला, हा मुद्दा होता. १९५९ मध्ये न्यायालयानं सांगितलं की दोन्ही गोष्टी वेगळ्या आहेत. भरपाई ही अचानक आलेल्या बेकारीसाठी, तर ग्रॅच्युइटी दीर्घ सेवेची, म्हणून एकामुळं दुसरी अडत नाही. तरीही देशभराचा कायदा नव्हता. केरळनं १९७० मध्ये आपला केला, पश्चिम बंगालनं १९७१ मध्ये. मग संसदेचा ग्रॅच्युइटी प्रदान अधिनियम आला आणि १६ सप्टेंबर १९७२ पासून लागू झाला. दहा किंवा जास्त माणसं कामाला असलेला कारखाना, दुकान, संस्था, सगळे त्यात आले. पाच वर्षांची अखंड सेवा ही अट. मृत्यू किंवा कायमचं अपंगत्व आलं तर तीही अट नाही. कामावर लागून आठ महिन्यांत माणूस गेला, तरी त्याच्या वारसाचा हक्क उभा राहतो.

सोलापुरात ‘देणी’ हा शब्द कसा आला ते जुन्या लोकांना विचारावं. जुनी मिल, लक्ष्मी-विष्णू, नरसिंग गिरजी, जाम मिल. या गिरण्यांच्या भोंग्यावर शहराची घड्याळं लागत. गिरण्या एकामागून एक बंद पडल्या आणि ‘थकीत देणी’ हे दोन शब्द घराघरांत शिरले. पगार थांबतो तेव्हा माणूस दुसरं काम धरतो, हातमागावर बसतो, रिक्षा चालवतो. देण्याची वाट मात्र तो म्हातारपणापर्यंत बघत राहतो. ज्या घरानं ती वाट पाहिलेली आहे, त्या घरातली पुढची पिढी हिशेबाचा कागद नीट वाचते. आमच्या गावाकडं ती सवय अजून यायची आहे, आणि मला त्याचं वाईट वाटतं.

सोलापूरचं नाव घेतलं की विडी आलीच. हजार विड्यांवर मजुरी, म्हणजे उक्तं काम. महिन्याचा पगारच नाही, तर शेवटचा पगार कुठला धरायचा? कायद्यानं याचंही उत्तर दिलं आहे. काम सुटण्याआधीच्या तीन महिन्यांत मिळालेल्या एकूण मजुरीची सरासरी काढून रोजचा दर ठरवायचा. यंत्रमागावर मीटरप्रमाणं किंवा नगाप्रमाणं काम करणाऱ्यालाही हेच लागू. यातली मेख अशी की त्या तीन महिन्यांत पानं-तंबाखू कमी मिळाली, विड्या कमी झाल्या, तर वीस वर्षांची सगळी ग्रॅच्युइटी खाली येते. म्हणून काम सोडायचं ठरलं असेल तर मजुरी भरपूर चालू असताना सोडावं, मंदीच्या तिमाहीनंतर नको. हे मी ओळखीच्या बायांना दरवेळी सांगतो. घरी बसून विडी वळणारी बाई कारखान्याची कामगार आहे का, हा प्रश्न भविष्य निर्वाह निधीच्या निमित्तानं सर्वोच्च न्यायालयात गेला होता आणि न्यायालयानं ‘आहे’ असं सांगितलं. आमच्याच तालुक्यातल्या कुंभारीला दहा हजार घरांची गोदुताई परुळेकर वसाहत आहे, विडी कामगार बायांनी लढून मिळवलेली. तिथल्या एकेका घरात फडताळात विडीचं कार्ड जपून ठेवलेलं असतं. कामाचा पुरावा म्हणून त्या कार्डाला फार किंमत आहे.

अंगणवाडीच्या ताईंचाही इथं उल्लेख हवा. त्यांना मिळतं ते ‘मानधन’, पगार नव्हे, म्हणून ग्रॅच्युइटी नाही, असं वर्षानुवर्षं सांगितलं गेलं. २५ एप्रिल २०२२ ला सर्वोच्च न्यायालयानं गुजरातच्या एका प्रकरणात निकाल दिला की अंगणवाडी सेविका आणि मदतनीस या कायद्याखाली ग्रॅच्युइटीला पात्र आहेत. सरकारी नोकराचं गणित मात्र वेगळं असतं. तिथं दर पूर्ण सहामाहीमागे पगाराचा पाव हिस्सा, आणि जास्तीत जास्त साडेसोळा पट. झेडपीच्या गुरुजींचा कागद आला तर मी सव्वीसाची पेन्सिल बाजूला ठेवतो.

हल्ली ओट्यावर येणारी बरीच मुलं चाकणला, रांजणगावला कंत्राटावर असलेली असतात. त्यांच्यासाठी नियम अलीकडंच बदलले. चार नव्या श्रमसंहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाल्या आणि १९७२ च्या कायद्याची जागा सामाजिक सुरक्षा संहितेनं घेतली. पंधरा दिवस, सात दिवस, सव्वीस हे आकडे तेच राहिले. पण ठरावीक मुदतीच्या नेमणुकीवर असलेल्याला पाच वर्षांची वाट बघावी लागत नाही, एक वर्ष झालं की त्या प्रमाणात हक्क मिळतो. १८,२०० रुपये मूळ पगार असलेल्या मुलाचा दिवस ७०० रुपयांचा, म्हणजे वर्षाला १०,५००. मात्र नेमणूकपत्रावर मुदत लिहिलेली असली पाहिजे, म्हणून ते पत्र जपा, असं मी त्यांना सांगतो.

दुसरा बदल पगाराच्या व्याख्येचा आहे. मूळ पगार मुद्दाम लहान आणि भत्ते मोठे ठेवायची रीत पडली होती. समजा एकूण पगार २०,०००. त्यात मूळ आणि महागाई ८,०००, बाकी १२,००० भत्ते. नव्या व्याख्येप्रमाणं वगळायचे भत्ते एकूण पगाराच्या निम्म्यावर गेले, तर वरची रक्कम पगारातच धरायची. इथं निम्मे म्हणजे १०,०००. भत्ते त्याहून २,००० नी जास्त. ते मूळ पगारात मिळवले की हिशेबाचा पगार १०,००० होतो. वर्षाची ग्रॅच्युइटी ४,६१५ वरून ५,७६९ वर जाते. आणि नोकरी सुटल्यावर अडकलेला पगार दोन कामकाजी दिवसांत द्यायचा, हेही वेतन संहितेत आता स्पष्ट लिहिलं आहे.

ज्यांची मुलं दुबईला आहेत त्यांनी इकडचा सव्वीस तिकडं लावू नये. अमिरातीत पहिल्या पाच वर्षांसाठी दर वर्षामागे २१ दिवसांचा मूळ पगार, त्यापुढं ३० दिवसांचा, आणि सगळं मिळून दोन वर्षांच्या पगारापेक्षा जास्त नाही. सौदीत आधी अर्धा महिना, पाच वर्षांनंतर पूर्ण महिना. तिथं राजीनामा दिला तर रक्कम घटते. दोन ते पाच वर्षांना एक तृतीयांश, पाच ते दहाला दोन तृतीयांश, दहाच्या पुढं पूर्ण. आपल्याकडं पाच वर्षं झाल्यावर राजीनामा दिला काय आणि निवृत्त झाला काय, रक्कम तीच. हा फरक मोठा आहे. ‘स्वतःहून सोडलंस, आता काही मिळणार नाही’ असं ऐकून गप्प बसलेली माणसं मी पाहिली आहेत.

हिशेबाच्या कागदावर ग्रॅच्युइटीखेरीज शिल्लक हक्करजेचे पैसे आणि त्या वर्षाचा बोनसही यायला हवा. कारखान्यात दर वीस दिवसांच्या कामामागे एक दिवसाची रजा साठत जाते, आणि नोकरी सुटली की तिचे पैसे होतात. फंड वेगळा. तो मालकाच्या तिजोरीत नसतो, भविष्य निर्वाह निधीच्या खात्यात असतो. पेन्शनला दहा वर्षांची सेवा लागते. सूत्र असं: पेन्शनपात्र पगार गुणिले सेवेची वर्षं, भागिले सत्तर. पगाराची कमाल मर्यादा १५,०००. त्यामुळं आयुष्यभर राबलेल्या माणसाच्या हातीही तुटपुंजीच रक्कम येते आणि किमान पेन्शन २०१४ पासून १,००० रुपयांवरच थांबलेली आहे. म्हणून तर एकरकमी ग्रॅच्युइटीला एवढं महत्त्व. न्यायालयाच्या हुकूमनाम्यासाठीही ती जप्त करता येत नाही, इतकं तिला कायद्यानं जपलं आहे. तिची कमाल मर्यादा २९ मार्च २०१८ पासून २० लाख. अण्णांसारख्यांना ती मर्यादा लागायची वेळच येत नाही.

आता ते तेरा हंगाम. अण्णांचं म्हणणं, पहिले दोन हंगाम ते रोजंदारीवर बगॅसच्या ढिगावर होते, पण हजेरी कारखान्याच्याच मस्टरवर लागायची. कागद काही आहे का, म्हणून विचारलं. नाही म्हणाले. सही दुसऱ्या दिवशी होती. मी एवढंच सुचवलं की सही करायचीच असेल तर तारीख घालून ‘रक्कम हिशेबाच्या तक्रारीसह स्वीकारली’ असं हातानं लिहावं.

रात्री दहाला ते पुन्हा आले. बरोबर काकू होत्या आणि काकूंच्या हातात पत्र्याची पेटी. लग्नाची पत्रिका, मुलांचे जन्मदाखले, सोसायटीच्या पावत्या, सातबाराचे जुने उतारे. त्यांच्या तळाशी प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला पिवळट कागदांचा गठ्ठा. फंडाच्या वार्षिक स्लिपा. पूर्वी दरवर्षी कारखान्यात वाटायचे त्या. अण्णा त्या फेकायला निघाले होते, काकूंनी ठेवल्या. सगळ्यांत जुन्या स्लिपेवर अण्णांचा फंड नंबर होता आणि त्या वर्षाची वर्गणी चढलेली होती. कारखान्यानं ज्या हंगामापासून मोजायला सुरुवात केली होती, त्याच्या आधीच्या दोन्ही वर्षांच्या स्लिपा तिथं होत्या. फंड कापला गेला होता, म्हणजे माणूस कामावर होता.

दोन हंगाम, चौदा दिवस, १४,००० रुपये. एकूण ३,९१,०००. फरक ७७,२६७.

दुसऱ्या दिवशी आम्ही मोटारसायकलवर गेलो. जुन्या नियमांतला ‘नमुना आय’ हा अर्ज भरला, मागं पेन्सिलीचा हिशेब शाईनं उतरवून लावला आणि दोन्ही स्लिपांच्या झेरॉक्स जोडल्या. आवक-जावकच्या खिडकीवर दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घेतली. तीस दिवसांत रक्कम दिली नाही तर वर्षाला दहा टक्के साधं व्याज चढतं, आणि तरीही दाद मिळाली नाही तर कायद्यानं नेमलेल्या अधिकाऱ्याकडं अर्ज करता येतो, हे मी अण्णांना वाटेतच सांगितलं होतं. ७७,२६७ चं महिन्याचं व्याज ६४४ रुपये होतं, तेही त्यांनी वहीत टिपून ठेवलं.

हिशेबनीस तरुण होता. त्यानं आमचा कागद आणि त्याचा कागद शेजारीशेजारी ठेवला, कॅल्क्युलेटरवर २६ दाबलं, पुन्हा एकदा दाबलं. मग आत साहेबांकडं गेला. अण्णा बाकावर बसून राहिले, पिशवी मांडीवर घेऊन. त्यातल्या मूळ स्लिपा त्यांनी कुणाच्या हाती दिल्या नाहीत.

बाहेर येऊन हिशेबनीस म्हणाला, "काका, तीसनं भागायची शीट आम्हाला आधीपासून तशीच मिळालीय. या वर्षी अजून सहा जण रिटायर झालेत." आणि त्यानं फाइलमधून त्या सहा जणांचे कागद काढायला घेतले.